झऱ्याची कॅसेट

लोणावळ्याच्या बाजारात ताजूभाई मुलाणींना कुणी विचारलं, की एक्स्प्रेसवे व्हायच्या आधी खालचा माळ दिसायचा कसा, तर ते क्षणभर डोळे मिटतात आणि सांगतात, "परंदवडीच्या भिमाजीची वरात." विचारणारा बघतच राहतो. मग ताजूभाई लहान मुलाला सांगावं तसं समजावतात, की वरात माळावरून गेली होती, आणि नवरदेवाच्या घोड्यामागे जे मोकळं मोकळं दिसतं तोच तो माळ. मावळचा गेल्या तीस-पस्तीस वर्षांचा सगळा इतिहास त्यांच्या डोक्यात असा लग्नांच्या हिशेबाने लावून ठेवलेला आहे. जुना एसटी स्टँड कुणाच्या तरी साखरपुड्यात आहे, पावसात फुगलेली इंद्रायणी एका मांडवपरतणीत, आणि पाडलेली शाळा जेवणाच्या एका पंगतीमागे. साल विचारलं तर मात्र ते चिडतात. सालावरून कॅसेट सापडत नाही, नवरीवरून सापडते, असं त्यांचं म्हणणं आहे, आणि ते खरंही आहे.

पूर्ण नाव ताजुद्दीन. एके काळी ह्या भागात लग्नाचं व्हिडिओ शूटिंग म्हणजे ताजूभाईच. खांद्यावर भला मोठा कॅमेरा, मागे लाइट धरणारा माणूस, आणि बायकांच्या बाजूला, जिथे पुरुषांनी घुसायचं नसतं तिथे, धाकटा कॅमेरा घेतलेली त्यांची बायको शमीम. हिला ते 'माझी असिस्टंट' म्हणत. पुढे मोबाइल आले, लग्नातला प्रत्येक मामा शूटिंगवाला झाला, आणि ताजूभाई घरी बसले. बरीच वर्षं बसले. मग एकदा पुण्याहून डॉक्युमेंटरी काढणारं कुणीतरी आलं. त्यांना रस्त्याच्या कामाची जुनी चित्रं हवी होती आणि कुठे मिळत नव्हती. ताजूभाईंनी एका कॅसेटमधून वधूपित्याच्या फेट्यामागून जाणारा बुलडोझर काढून दिला. तेव्हापासून डॉक्युमेंटरीवाल्यांत त्यांचा नंबर फिरतो. जुनं फुटेज हवं, मावळातलं हवं, तर ताजूभाईंना फोन करा.

काम ऐकायला सोपं वाटतं. हवी ती गोष्ट कुणाच्या लग्नात मागे उभी होती हे आधी आठवायचं. मग त्या घरी जायचं. कॅसेट तांदळाच्या कोठीत असते, नाहीतर चुलीवरच्या माळ्यावर धुरकटलेली, नाहीतर नवराबायकोचं फाटलेलं असतं म्हणून कुणी तिचं नाव काढू देत नाही. इथल्या पावसाने टेपवर पांढरी बुरशी चढते. ती मऊ फडक्याने पुसायची, आपल्या म्हाताऱ्या व्हीसीआरची मनधरणी करायची आणि सगळं लॅपटॉपमध्ये उतरवून घ्यायचं. सगळ्यात अवघड म्हणजे घरच्यांबरोबर बसून अख्खी कॅसेट बघायची, कारण त्याशिवाय कुणी परवानगी देत नाही. टीव्हीवर लग्न सुरू झालं की गेलेली माणसं दिसू लागतात, रडारड होते, आणि ती ओसरते न ओसरते तोच कुणाला तरी आठवतं, की आमच्या मामांना दिलेला टॉवेल हलका होता. झालं. भांडण जिथे थांबलं होतं तिथून पुढे चालू. ताजूभाई मधे बसून चहा पितात आणि दोन्ही बाजूंना सारखीच मान डोलावतात. ह्या मान डोलावण्यावर त्यांचा निम्मा धंदा उभा आहे.

एका गोष्टीने मात्र त्यांचा जीव खालीवर होत असे. नाव. लग्नाच्या कॅसेटवर त्यांचं नाव गरगर फिरत, मोठं होत होत यायचं, नवरानवरीच्याही आधी. डॉक्युमेंटरीत त्यांना मिळायचे ते शेवटचे आभार, गर्दीत, इतक्या घाईत की वाचेपर्यंत लोक चपला शोधायला लागलेले. एका डॉक्युमेंटरीत तर 'मावळचे समस्त ग्रामस्थ' एवढ्यावरच भागवलं होतं. त्यात मी आलोच की, असं त्यांनी चिक्कीवाल्या सीतारामला सांगून पाहिलं. सीताराम त्यांचा शाळेपासूनचा दोस्त. तो म्हणाला, मग मीही आलो. ह्यावर ताजूभाई काही दिवस त्या दुकानाकडे फिरकले नाहीत.

अशात प्रेरणाचा फोन आला. प्रेरणा पुण्याची, तरुण पोरगी, डोंगरातल्या झऱ्यांवर डॉक्युमेंटरी करत होती. कुरवंड्याला एक बारमाही झरा होता, त्यावर आता कुणा बंगलेवाल्याचा पोहायचा तलाव झालाय. झरा होता हे गावात सगळे सांगतात, पण त्याचं एक चित्र कुणाकडे नाही, कारण झऱ्याचा फोटो काढायचं कुणाला सुचतं? तिचं सगळीकडे शोधून झालं होतं. शेवटी ती म्हणाली, काका, तुम्ही झरा मिळवून द्या, आणि ज्याने तो चित्रित केला असेल त्याचं नाव त्या चित्रावर येईल. एकट्याचं. ताजूभाईंनी तिच्याकडून हे 'एकट्याचं' पुन्हा वदवून घेतलं. संध्याकाळपर्यंत अर्ध्या बाजाराला कळलं होतं, की ताजूभाईंचं नाव आता पडद्यावर एकटं येणार आहे. उरलेल्या अर्ध्या बाजाराला सीतारामने सांगितलं, कारण त्याला ही गोष्ट पटली नव्हती आणि साक्षीदार हवे होते.

झरा कुणाच्या लग्नात आहे हे ताजूभाईंना आठवावंही लागलं नाही. कुरवंड्याच्या श्रीपतीची हळद. तिकडे रीत अशी, की हळदीच्या अंघोळीचं पाणी झऱ्यावरूनच आणायचं. वाजतगाजत सगळे निघायचे, पण झऱ्याच्या वरच्या बांधापाशी आले की वाजंत्री थांबायची, पुरुष थांबायचे, आणि कळश्या घेऊन फक्त बायका खाली उतरायच्या. खाली त्या काय बोलायच्या, कुणाच्या सासरची कशी उडवायच्या, हे बांधावर ऐकू येत नसे, आणि येऊ नये अशीच सोय होती. श्रीपतीच्या वेळी धाकटा कॅमेरा घेऊन शमीम खाली गेली होती.

ताजूभाई प्रेरणाला घेऊन कुरवंड्याला गेले. श्रीपतीची आई विठाबाई आता पार म्हातारी झालीय, पण ताजूभाईंना तिने आवाजावरून ओळखलं. कॅसेट कोठीतून काढता काढता ती म्हणाली, "तांदूळ सरत आलं की ही हाताला लागती बगा. मंग मी पुन्ना तळाला घालती. लय जपलीय." कॅसेट खरोखरच कोरडी ठणठणीत होती. व्हीसीआर जोडला, घर गोळा झालं, ताजूभाईंचं नाव गरगर फिरून गेलं, रडायची माणसं रडून घेती झाली. आणि हळदीची वेळ आली तसे ताजूभाई पुढे सरकून म्हणाले, आता बघा.

पडद्यावर झरा आला. पुरता आलाही नव्हता, तेवढ्यात मधोमध एक लाल बदाम उगवला, फुगत फुगत सगळ्या पडद्यावर पसरला, आणि त्या बदामात एका बाजूला श्रीपती आणि दुसऱ्या बाजूला नवरी एकमेकांकडे बघून लाजू लागले. वरून गुलाबाच्या पाकळ्या पडत होत्या. सगळ्यावर सिनेमातलं गाणं. विठाबाई कौतुकाने हसली. तो बदाम ताजूभाईंनी त्या काळी पुण्याच्या स्टुडिओत जागरण करून बसवून घेतला होता आणि पंचक्रोशीत तसा बदाम कुणाकडे नव्हता.

प्रेरणाने हळूच विचारलं, "काका, झरा ह्याच्या खाली आहे का?"

आहे की, कडेने दिसतोय, असं ताजूभाई म्हणाले खरे, पण कडेने दिसत होतं ते एक खेकड्याच्या पाठीएवढं ओलं काहीतरी. पाण्याचा आवाज विचारायची प्रेरणाला हिंमतच झाली नाही. बिचारीने चहा घेतला, श्रीपतीच्या बायकोचं कौतुक केलं. घरच्यांनी आपण होऊन परवानगी दिली, काय वाटेल ते दाखवा म्हणाले, पण ती परवानगी घेऊन करायचं काय हाच प्रश्न होता. मूळ चित्रण असतं तर काम झालं असतं. पण मूळ कॅसेट कुणी ठेवत नसे. मिक्सिंग झालं की तिच्यावरच पुढच्या लग्नाचं शूटिंग व्हायचं. ताजूभाई हे जितकं जाणून होते तितकं मावळात दुसरं कुणी जाणून नव्हतं. परतताना रिक्षातून सीतारामचं दुकान दिसलं तेव्हा त्यांनी दुसरीकडे तोंड फिरवलं.

घरी शमीमभाभी मेथी निवडत बसल्या होत्या. नवऱ्याचं पडलेलं तोंड त्यांनी पाहिलं, बदामाची हकिगत ऐकली, आणि आधी त्या पोटभर हसल्या. मग म्हणाल्या, मूळची हवी असेल तर ती आहे माझ्याकडे.

ताजूभाईंचा विश्वास बसेना. शमीमच्या कॅसेटी तर ते बघायचेही नाहीत धड. गरजेपुरता तुकडा घ्यायचे आणि बाकी 'खराब' म्हणून पुढच्या लग्नासाठी बाजूला टाकायचे, कारण ह्या बाईला शूटिंगची अक्कल नाही असं त्यांचं ठाम मत होतं. ती कॅमेरा एका जागी धरून उभी राहायची, नवरी सोडून भलतंच बघत बसायची, आणि शूटिंग चालू असताना बायकांशी गप्पा मारायची. त्या गप्पा कॅसेटवर येतात, गाणं टाकून त्या दाबाव्या लागतात, हे तिला किती वेळा सांगितलं असेल. भाभींनी लोखंडी पेटी उघडली, रजया उपसल्या, खालून कडुनिंबाच्या पाल्यात ठेवलेली कॅसेट काढली. "तुम्ही खराब म्हणालात," त्या म्हणाल्या, "मी म्हटलं, खराब तर खराब. राहू दे माझ्यापाशी." आणि पुन्हा मेथीला बसल्या.

दुपारची वेळ होती. ताजूभाईंनी आतल्या खोलीत व्हीसीआर लावला, कानाला हेडफोन लावले. आणि झरा दिसला. कातळाच्या भेगेतून मनगटाएवढी धार, खाली दगडाची कुंडी, कुंडीच्या काठावर कळश्या. शमीमने कॅमेरा पाण्यावर धरला होता आणि हलवतच नव्हती. तीस वर्षांपूर्वी ह्याच गोष्टीवरून ते तिच्यावर ओरडले असते. आज मात्र त्यांच्या मनात आलं, नको हलवूस, थोडं अजून थांब. आणि ती थांबली होती.

मग आवाज सुरू झाले. बायका हसत होत्या, कुणीतरी व्याह्यांच्या मिशांवर काहीतरी बोललं ते छापण्यासारखं नाही. त्यातून शमीमचा आवाज आला, अगदी जवळून, पोरसवदा. ती विचारत होती, हे पाणी येतं कुठून, मावशी? उत्तर देत होती धोंडाबाई, विठाबाईची सासू, तेव्हाच पाठीत वाकलेली, जाऊन आता कितीतरी वर्षं झाली. "डोंगराच्या पोटातनं येतं," धोंडाबाई म्हणाली. "माजी सासू सांगायची, ह्यो आटला तं गाव आटलं. पर न्हाई आटत. माज्या लग्नाचं पानी ह्याचंच, पोराच्या लग्नाचं ह्याचंच, आन आता नातवाचं." प्रेरणाला हवं होतं ते सगळं, आणि तिने मागितलंही नव्हतं ते, इथे होतं. ताजूभाईंनी खुशीत मांडीवर थाप मारली.

कॅसेट चालूच होती. धोंडाबाईने कॅमेऱ्यात, म्हणजे शमीमकडे, निरखून पाहिलं आणि विचारलं, "तुजं नाव यील का गं ह्यात?"

"माझं कशाला येईल, मावशी? नाव ह्यांचं येतं."

"आन काम तू करतीस."

"असंच असतं."

"मंग बोल की हितंच. बोलून ठिव. तुजं नाव काय गं?"

पाण्याचा आवाज तेवढा येत राहिला. मग शमीम म्हणाली, "शमीम." जरा थांबून, आणखी जवळ येऊन, कुणी चोरून खाऊ खावा तशी हसून पुन्हा म्हणाली, "मी शमीम."

ताजूभाईंनी हेडफोन काढले. बाहेर मेथीच्या काड्या मोडल्याचा आवाज येत होता. हे आपल्याशिवाय कुणी ऐकलेलं नाही, हा विचार त्यांना आधी आला, आणि तो कुठून आला हे त्यांनाही कळलं नाही. मग त्याच्या मागून बाकीचे आले. कॅमेरा माझा होता. कॅसेट माझी होती. लग्नाचं काम मी घेतलं होतं. असिस्टंटने काढलेलं ते मालकानेच काढलेलं, सगळ्या जगात हाच रिवाज आहे. आणि बाजारात तोंड कसं दाखवायचं? शेवटचं हे कारण त्यांनी मनातल्या मनात सगळ्यांत हळू म्हटलं, पण वजन त्याचंच होतं. प्रेरणाला काही सगळी कॅसेट पाठवायची नव्हती. झरा आणि धोंडाबाई, एवढंच पाठवायचं. लॅपटॉपवर कापायला कितीसा वेळ लागतो? त्यांनी 'मी शमीम' कापलं.

पण धंद्याची खोड अशी, की कापलेलं एकदा चालवून बघितल्याशिवाय ते उठत नसत. त्यांनी चालवलं. "तुजं नाव काय गं?" धोंडाबाई म्हणाली, आणि पुढे नुसतं पाणी. बाई विचारत राहिली होती आणि उत्तर देणारं कुणी नव्हतं. त्यांनी थोडं आणखी मागे कापलं, म्हणजे प्रश्नही जावा. पण कान आता फसत नव्हते. प्रश्न नसला तरी त्यांना ऐकू येत होताच. शमीमच्या साऱ्या कॅसेटी त्यांना आठवल्या, प्रत्येकीवर त्यांनी टाकलेली गाणी आठवली. त्या गाण्यांच्या खाली ही काय काय बोलली असेल, ते आता कुणालाच कधी कळणार नव्हतं. ताजूभाईंना लाज वाटली. साठी उलटलेल्या माणसाला वाटते तशी, कान तापवणारी लाज. त्यांनी कापलेलं सगळं होतं तिथे परत जोडलं.

मग प्रेरणाला फोन लावला आणि मुद्दाम स्वयंपाकघरात ऐकू जाईल एवढ्या मोठ्याने सांगितलं, की झरा सापडलाय, आवाजासकट सापडलाय, आणि नाव लिहून घे. "चित्रण, शमीम ताजुद्दीन मुलाणी."

"पुढचं काढा," आतून आवाज आला.

ताजूभाईंनी फोनवर हात ठेवला. "काय म्हणालीस?"

"धोंडाबाईंना मी नुसतं शमीम सांगितलं होतं," भाभी दारात येऊन म्हणाल्या. हात मेथीने हिरवे झाले होते. "तेवढंच राहू दे."

म्हणजे कॅसेटवर काय आहे हे तिला माहीत होतं. इतकी वर्षं माहीत होतं. रजयांखालून काढून देताना माहीत होतं, आणि नवऱ्याने बाजारात काय सांगून ठेवलंय हेही. तरी ती एक शब्द न बोलता त्यांच्या हातात कॅसेट देऊन मेथी निवडत बसली होती. ताजूभाईंनी फोनवरचा हात काढला. ते फोनमध्ये म्हणाले, "प्रेरणा, नुसतं शमीम लिही." आणि मग, माणसाचा स्वभाव काही एका दुपारी सुटत नाही, म्हणून चाचरत पुढे म्हणाले, खाली बारीक अक्षरात माझं टाकता येईल, कॅसेट शोधून दिली असं.

"शोधली कुठं?" भाभी म्हणाल्या. "पेटीतून मी काढून दिली." फोनमधून प्रेरणाचं हसू ताजूभाईंना स्पष्ट ऐकू आलं.

डॉक्युमेंटरी झाल्यावर प्रेरणाने ती आधी कुरवंड्यात दाखवली. शाळेच्या एका वर्गात खिडक्यांना चादरी लावून अंधार केला होता. गाव आलं, लोणावळ्याहून सीताराम आला, येताना चिक्कीचा पुडाही घेऊन आला, कारण काहीही झालं तरी दोस्ताचं नाव येणार होतं. शमीमभाभी विठाबाईशेजारी बसल्या. पडद्यावर बंगल्याची भिंत आली, निळा तलाव आला, आणि मग एकदम कातळातली धार. धोंडाबाई बोलू लागली. सासूचा आवाज कानावर पडताच विठाबाईने, सत्तरी ओलांडलेल्या बाईने, पटकन पदर डोक्यावर ओढून घेतला. पडद्यावर धोंडाबाईने नाव विचारलं, पाणी वाहत राहिलं, आणि एक पोरसवदा आवाज म्हणाला, मी शमीम. तेच नाव पाण्यावर उमटलं. एकटंच. भाभी खाली मान घालून बसल्या होत्या. विठाबाईने त्यांचा हात घट्ट धरला होता.

सीताराम अंधारात वाट बघत होता. नाव आलं, गेलं, दुसरा डोंगर सुरू झाला, तरी तो वाट बघत होता. शेवटी ताजूभाईंकडे वाकून त्याने विचारलं, "आन तुझं?"

"माझं कुठनं येणार?" ताजूभाई म्हणाले. "मी वर बांधावर उभा होतो."